सुलभाताई आणि हाकेला ओ देणाऱ्या फायली

सुलभाताई चुरी यांची आणि माझी पहिली भेट तलासरीच्या आमच्या दवाखान्यात झाली. भाताची कापणी संपत आली होती. पाड्यांवरून आलेल्या बायकांची रांग व्हरांड्याबाहेर गेली होती आणि नोंदणीच्या खोलीत खिडकीतून आलेल्या उन्हात पेंढ्याची बारीक धूळ तरंगत होती. मी कॉम्प्युटरवर कार्डं भरत होते. समोरच्या बाकावर पांढऱ्या केसांच्या, सुती साडीतल्या एक बाई बसल्या होत्या. त्यांच्या नरपडच्या वाडीत चिकू उतरवायला येणाऱ्या सोमीबाईंना बरं नव्हतं, म्हणून त्यांना घेऊन आल्या होत्या. पाऊण तास त्या माझ्या बोटांकडे बघत होत्या. मला वाटलं, बाईंना डुलकी लागली आहे आणि डोळे तेवढे उघडे राहिले आहेत.

सोमीबाईंचा नंबर आला तेव्हा त्यांनी मला विचारलं, "तू एकच नाव चारदा का लिहितेस?"

"चार खिडक्या आहेत म्हणून." आमच्या नोंदणीच्या प्रोग्रॅममध्ये नाव, तपासणी, औषधं आणि कार्ड यांच्या चार वेगळ्या खिडक्या उघडत.

"त्या एकमेकींशी बोलत नाहीत?"

मला हसू आलं. "बाई, हा कॉम्प्युटर आहे."

"म्हणूनच म्हणते," त्या म्हणाल्या, "त्यांना बोलायला शिकवलं पाहिजे."

एवढं बोलून त्या सोमीबाईंचा हात धरून डॉक्टरांच्या खोलीत गेल्या. ताईंच्या अमृतमहोत्सवी ग्रंथासाठी लिहा असं समितीने मला सांगितलं, तेव्हा सगळ्यात आधी मला ते धूळभरलं ऊन आठवलं. या ग्रंथात ताईंच्या मुंबईच्या काळातले सहकारी, मोठमोठे इंजिनीअर लिहिणार आहेत. मी तलासरीजवळच्या एका पाड्यावरची, बारावीपर्यंत शिकलेली, दवाखान्यात नोंदणीचं काम करणारी बाई. पण ताईंच्या हाताखाली बसून मी जे शिकले ते माझ्याखेरीज दुसरं कोणी सांगू शकणार नाही, म्हणून धीर करून लिहिते आहे.

आठवड्याभराने ताई पुन्हा आल्या, या वेळी एकट्याच. डहाणूहून एसटीने आल्या होत्या, हातात पिशवी आणि पिशवीत चिकू. डॉक्टरसाहेबांशी त्यांचं आधी बोलणं झालं होतं. त्यांनी खुर्ची माझ्या शेजारी ओढली आणि प्रोग्रॅम ज्या फोल्डरमध्ये राहतो तो फोल्डर उघडायला सांगितला. आत पुष्कळ छोट्या फायली होत्या. मी रोज ज्या घरात काम करत होते त्याचा माळा मी पहिल्यांदाच बघत होते. एका फाइलवर मी क्लिक केलं, तर काहीच झालं नाही.

"होणार नाही," ताई म्हणाल्या. "ही लायब्ररी फाइल आहे, सामायिक. ती आपणहून उघडत नाही. दुसऱ्या कुणीतरी हाक मारली तरच ती ओ देते. तुमच्या पाड्यावर लग्नाची मोठी भांडी असतात ना, सगळ्यांची मिळून?"

"असतात. ज्याच्या घरी लग्न, तो घेऊन जातो."

"तसंच. प्रत्येक घराने स्वतःचा हंडा घ्यायला नको. भांडं एका जागी ठेवलेलं, सगळ्यांना ठाऊक असलेलं. प्रत्येक प्रोग्रॅम येतो, हाक मारतो, काम करून घेतो."

मग त्यांनी सांगितलं, की मुंबईला इंजिनीअर लोकांच्या नकाशाच्या प्रोग्रॅमसाठी अशाच फायली लिहिण्यात त्यांची सारी नोकरी गेली. रेघ काढणं, ती पुसणं, दोन रेघांमधलं अंतर मोजणं ही कामं हाताने न करता चार ओळी लिहून करून घेता यावीत, यासाठी मधला दुवा म्हणून त्या फायली लागत. त्या चार ओळींना स्क्रिप्ट म्हणायचं. वापरणारा माणूस स्क्रिप्ट लिहितो, स्क्रिप्ट लायब्ररीला हाक मारते आणि लायब्ररी प्रोग्रॅमकडून काम करून घेते. वापरणाऱ्याला मधल्या फाइलचं नावही ठाऊक नसतं.

"मग तुमचं नाव कुठे येतं?" मी विचारलं.

"कुठेच नाही," ताई म्हणाल्या, आणि त्यांना त्याचं काही वाटल्याचं दिसलं नाही.

आमच्या प्रोग्रॅमसाठी त्यांनी तशी फाइल लिहायला घेतली. ते दिवस आज आठवताना मला पाण्याखालून बघितल्यासारखे दिसतात. आधीची आणि नंतरची गोष्ट सरमिसळ होते. सुट्टीच्या दिवशी मी नरपडला जायची. चिकूच्या वाडीत भर दुपारीसुद्धा उजेड हिरवा असे. पलीकडे सुरूची झाडं, त्यांच्यापलीकडे समुद्र. ताई ओटीवरच्या झोपाळ्यावर डोळे मिटून बसत. मला आधी वाटे, झोपल्या. पण पाय मात्र जमिनीला हलकेच टेकत असत आणि झोका एका लयीत चालू असे. अर्ध्या तासाने डोळे उघडून त्या म्हणत, "हं, कमल, लिहून घे." मी लिहायची. आपण काय लिहितोय ते मला निम्मंच कळायचं. पण त्या आवाजात इतकी शांतता असे, की न कळल्याची भीती वाटत नसे.

एकदा समुद्राकडे बघत त्या म्हणाल्या, "मी लिहिलेल्या फायली अजून कुठे कुठे चालू असतील बघ. आत्ता या घटकेला कुठल्यातरी गावात, आपण कधी न पाहिलेल्या, कोणीतरी पुलाचा नकाशा काढत असेल. त्याच्या स्क्रिप्टने हाक मारली असेल आणि मी तीस वर्षांमागे लिहिलेल्या चार ओळींनी ओ दिली असेल. त्याला माहीत नाही, मला माहीत नाही. पण हाक पोचली."

ओहोटी लागली होती. ओली वाळू लांबवर चमकत होती. मी त्या दिशेने बघत राहिले आणि मला खरोखरच वाटलं, की कुणाच्या तरी हाका पाण्यावरून येत आहेत.

फाइल तयार झाली त्या सकाळी आम्ही दोघी दवाखान्यात कॉम्प्युटरसमोर बसलो. प्रयोगशाळेतून सिकलसेलच्या तपासणीचे निकाल एका लांब तक्त्यात येत. आमच्या भागातल्या किती घरांत तो आजार आहे हे इथल्या वाचकांना वेगळं सांगायला नको. रक्ताचा, आईबापांकडून येणारा, सांधे दुखवणारा आजार. वेळेवर कळला आणि औषधं चालू राहिली तर माणूस बरंच सुखाने जगतो. त्या निकालांची एकेक नोंद मी हाताने चार खिडक्यांत भरायची आणि पाड्यावर कार्ड पोचायला महिने लागायचे. ताईंनी मला स्क्रिप्टच्या चार ओळी लिहायला लावल्या होत्या. नाव शोध. कार्ड उघड. निकाल लिही. कार्ड छाप.

"चालव," त्या म्हणाल्या.

मी चालवलं आणि हात मांडीवर ठेवले. पडद्यावर खिडकी उघडली, नाव उमटलं, खिडकी मिटली, दुसरी उघडली. माझा हात कशालाही लागलेला नव्हता. रिकाम्या घरात दारं आपोआप उघडावीत-मिटावीत आणि तरी भीती वाटू नये, तसं ते होतं. नर्सबाई येऊन उभ्या राहिल्या, मग डॉक्टरसाहेब आले. छापलेली कार्डं एकावर एक पडत होती. माझ्या डोळ्यांत पाणी का आलं ते मला सांगता येणार नाही.

ताईंचा एक नियम होता. एकदा दिलेल्या हाकेचा अर्थ बदलायचा नाही. त्यांच्या लायब्ररीतल्या कामांना त्यांनी मराठी नावं दिली होती. नाव शोधणाऱ्या कामाचं नाव टाइप करताना त्यांची चूक झाली आणि 'नावशोध'चं 'नावशोद' झालं. महिन्याभराने माझ्या ते लक्षात आलं. मी म्हटलं, ताई, दुरुस्त करू या. तोपर्यंत कोसबाडकडच्या एका छोट्या बियाणं-नोंदणी कार्यालयाने ती फाइल शेतकऱ्यांच्या यादीसाठी नेली होती, आणि आशागडजवळच्या एका शिकवणीवर्गातले सर ती हजेरीसाठी वापरत होते. ताई म्हणाल्या, "त्यांनी आपल्या स्क्रिप्टमध्ये 'नावशोद' लिहून ठेवलंय. आपण दुरुस्त केलं की उद्या सकाळी त्यांची हाक रिकामी जाईल. असू दे. माझी चूक माझ्याजवळ राहू दे, त्यांना त्रास कशाला?" त्यांनी शेजारी बरोबर नावाचं दुसरं काम ठेवलं आणि चुकीचंही तसंच ठेवलं. आजही ते तिथे आहे. कुणी फाइलसोबतची कागदपत्रं वाचली तर त्यात ताईंनी स्वच्छ मराठीत लिहिलंय: "हे अशुद्ध नाव माझ्या हातून पडलं. वापरणाऱ्यांनी चालवून घेतलं, त्यांची मी आभारी आहे."

आता जे लिहायचं आहे ते लिहू की नको, असा मला बराच विचार पडला होता. गौरवग्रंथात चुका कशाला, असं कोणी म्हणेल. मी ताईंनाच विचारलं. त्या म्हणाल्या, "ते नसेल तर मग माझ्याबद्दल काय लिहिणार आहेस?" म्हणून लिहिते. मुलीचं नाव मात्र बदललं आहे.

स्क्रिप्ट सुरू होऊन पाच-सहा महिने झाले होते. एका सकाळी एक आई आपल्या मुलीला, सविताला, घेऊन आली. घरी पोचलेल्या कार्डावर मुलीला सिकलसेलचा आजार असल्याचं छापलं होतं. आई गोंधळली होती. "हिला तर कधी साधा तापसुद्धा येत नाही," ती म्हणाली. मुलगी दाराच्या चौकटीला लोंबकळत होती, धडधाकट. मी कार्ड पाहिलं. मग प्रयोगशाळेचा तक्ता उघडला. तक्त्यात सविता दोन होत्या. नाव तेच, वडिलांचं नाव तेच, आडनावही तेच. पाडे वेगळे आणि वयात वर्षाचं अंतर. स्क्रिप्टने दोन्ही वेळा पहिलं सापडलेलं हिचंच कार्ड उघडून दोन कार्डं छापली होती, आणि वाटताना जिला आजार होता तिचं कार्ड हिच्या घरी आलं होतं. आणि हिचं, म्हणजे काही नसल्याचं कार्ड, तिच्या घरी.

त्या दुसऱ्या सविताच्या घरी आम्ही सगळं ठीक आहे असं सांगून बसलो होतो.

मी ताईंना फोन केला. त्यांनी फक्त पाडा कुठला ते विचारलं. दोन तासांत त्या दवाखान्यात हजर होत्या; मिळेल त्या गाडीने, मधे दोनदा गाडी बदलून आल्या होत्या. त्या आधी कॉम्प्युटरसमोर बसतील असं मला वाटलं होतं. त्या बसल्या नाहीत. "आधी मुलगी," त्या म्हणाल्या. डॉक्टरसाहेबांनी गाडी दिली, नर्सबाई बरोबर आल्या. डांबरी रस्ता संपला तिथून चालत जायचं होतं. ताई तेव्हा सत्तरीला आलेल्या. चढणीवर त्या थांबत, कमरेवर हात ठेवत आणि पुन्हा चालू लागत.

सविता घरात कुडाच्या भिंतीला टेकून पडली होती. गुडघे सुजले होते. आठ दिवस ती तशीच होती. आईने कार्ड आणून दाखवलं: "काय नाय असा लिवलाय ना? म मी दवाखान्यात कनाला आनू?" कार्डावर तसं लिहिलं आहे, मग मी हिला कशाला आणू, असं ती विचारत होती. तिने आमच्या कागदावर विश्वास ठेवला होता.

नर्सबाई मुलीजवळ बसल्या. ताई खाली मातीच्या जमिनीवर आईसमोर बसल्या. त्यांना आमची बोली पूर्ण येत नाही. मराठीतच, सावकाश बोलल्या.

"हे कार्ड चुकीचं आहे. ते लिहिणारं काम मी कॉम्प्युटरला शिकवलं होतं. मी नीट शिकवलं नाही. तुमच्या मुलीला त्रास झाला तो माझ्यामुळे."

आई ताईंकडे बघत राहिली. मग म्हणाली, "तुमच्या कंप्युटरला काय ठाव, माझी सविता कोनती ती?"

"नाही ठाऊक," ताई म्हणाल्या. "त्याला ठाऊक नाही असं त्याने म्हणायला पाहिजे होतं. ते मी त्याला सांगितलंच नव्हतं."

मला राहवलं नाही. मी आमच्या बोलीत आईला सांगितलं, की चूक एकट्या ताईंची नाही. स्क्रिप्ट चालताना खाली एक ओळ येऊन गेली होती: दोन सापडले, पहिला घेतला. मी ती पाहिली होती. जेवणाची वेळ झाली होती, कार्डं भराभर छापून निघत होती, मी पुढे जाऊ दिलं. हे मी तोवर कोणाला सांगितलं नव्हतं, ताईंनाही नाही. बोलून झाल्यावर मी ताईंना मराठीत पुन्हा सांगितलं. त्या माझ्याकडे वळल्या. रागावतील असं वाटलं. त्यांनी माझं मनगट धरलं आणि आईला म्हणाल्या, "मग दोघींची चूक."

आईने आम्हाला क्षमा केली असं मी लिहिणार नाही. तिने मुलीला पाठुंगळी घेतलं आणि आमच्याबरोबर निघाली. उतरणीवर ताईंचा पाय घसरला तेव्हा मात्र तिनेच मागे हात करून त्यांना धरलं.

सविता अठरा दिवस दवाखान्यात उपचार घेत होती. ते अठराही दिवस ताई आल्या. सकाळी तिच्यापाशी बसायच्या, दुपारी माझ्या खोलीत. स्क्रिप्ट बंद होती. आम्ही दोघी आणि नर्सबाई मिळून झालेलं प्रत्येक कार्ड हाताने तक्त्याशी ताडून पाहत होतो. ताई नाव वाचायच्या, मी पाडा वाचायची. ऊन भिंतीवरून सरकत जायचं आणि शेवटी शेवटी ती नावं मंत्रासारखी वाटू लागायची. एकेक नाव उच्चारताना त्या घराचं अंगण, तिथला आंबा माझ्यासमोर येऊन जायचा. ताई मधेच विचारत, "ही कोण? ओळखतेस?" मी म्हणे, ओळखते, हिचा भाऊ वापीला कारखान्यात जातो. "सांग," त्या म्हणत. मी सांगायची. त्यांना घाई नसे. सारख्या नावांची आणखी एक जोडी सापडली, पण सुदैवाने दोघींचे निकाल एकच होते.

दवाखान्याच्या बैठकीत एकजण म्हणाले, हे यंत्राचं खूळ काढून टाका, पूर्वीचंच बरं होतं. ताई उभ्या राहिल्या. त्यांनी स्वतःची बाजू मांडली नाही. झालं ते जसंच्या तसं सांगितलं, आणि म्हणाल्या, "पूर्वी कार्ड पोचायला महिने लागत. त्या महिन्यांत कोणाचे गुडघे सुजले ते आपल्याला कळतही नव्हतं. मला एक महिना द्या. तेवढ्यात मला त्याला थांबायला शिकवता आलं नाही, तर मी स्वतः ती फाइल काढून टाकीन."

तो महिना मी कधी विसरणार नाही, कारण त्यात ताईंना स्वतःचाच नियम मोडायचा होता. 'नावशोद'ला हाक मारली की पहिलं सापडलेलं नाव मिळायचं. आता एकाहून अधिक नावं सापडली, तर त्याने कोणतंच न देता थांबायचं होतं आणि माणसाला विचारायचं होतं. म्हणजे हाकेचा अर्थ बदलणार होता. ज्यांनी ज्यांनी फाइल नेली होती त्यांच्या स्क्रिप्ट थांबणार होत्या. झोपाळ्यावर डोळे मिटून बसलेल्या ताई त्या दिवसांत मला वेगळ्या दिसायच्या. झोका थांबलेला असायचा.

"नुसती नवी फाइल पाठवून दिली तर?" मी म्हटलं.

"त्यांची कामं अडतील आणि का अडली ते कळणार नाही. जाऊन सांगायला हवं."

आम्ही गेलो. कोसबाडला टेकडीवरच्या त्या छोट्या कार्यालयात ताईंनी तिथल्या बाईंशेजारी बसून त्यांची स्क्रिप्ट ओळ ओळ बदलून दिली. दोन नावं आली तर गावही बघ, गावही सारखं असेल तर मला विचार. बाईंनी चहा केला. खालच्या झाडीवर धुकट ऊन पसरलं होतं आणि ताई कप हातात धरून ते इतका वेळ पाहत राहिल्या, की चहा गार झाला. आशागडला सर जरा नाराज झाले.

"आमचं चालू होतं की हो ताई."

"चालू होतं," ताई म्हणाल्या. "बरोबर होतं का?"

सरांनी हजेरी उघडली. वर्गात राकेश दोन होते. सहा महिने दोघांची हजेरी एकाच राकेशच्या नावावर लागत होती आणि दुसरा राकेश कागदावर एकदाही वर्गात आलेला नव्हता. सर हसायला लागले आणि ताईही हसल्या. त्या महिन्यात मी त्यांना पहिल्यांदाच हसताना पाहिलं.

महिन्याअखेर स्क्रिप्ट पुन्हा चालू झाली. पहिल्या दिवशी ती एका ठिकाणी थांबली आणि पडद्यावर ताईंच्या शब्दांत प्रश्न आला: "या नावाच्या दोघी आहेत. मला ठाऊक नाही. तुम्ही सांगा." मी पाडा पाहून सांगितलं आणि ती पुढे गेली. त्या दिवसापासून आजवर ती प्रत्येक वेळी विचारते आणि मी प्रत्येक वेळी सांगते. सविता आता बरी आहे. औषधं नियमाने घेते, थंडीत जपते. दोन पाड्यांच्या मुलींना ती स्वतः तपासणीला घेऊन येते आणि नाव सांगताना आधी पाडा सांगते.

ताईंच्या स्वभावातल्या मायेबद्दल लिहायचं तर पानं पुरणार नाहीत. त्या घटनेनंतर मी नोकरी सोडायचं ठरवलं होतं. राजीनाम्याचा कागद घेऊन नरपडला गेले. ताईंनी तो वाचला, त्यातल्या शुद्धलेखनाच्या दोन चुका दुरुस्त केल्या आणि परत दिला. "द्यायचाच असेल तर हा दे," त्या म्हणाल्या. "पण मला वाटतं, खालची ओळ न वाचण्याची चूक आता या तालुक्यात तुझ्या हातून कधीच होणार नाही. ती जागा दुसऱ्या कोणाला कशाला देतेस?" मी तो कागद कोणालाच दिला नाही. त्यानंतर त्यांनी मला नुसती स्क्रिप्ट लिहायला न शिकवता लायब्ररी फाइल आतून कशी लिहितात तेही शिकवायला सुरुवात केली. चार वर्षं शिकवलं. माझी आई आजारी असताना शिकवणी आमच्या घरी झाली. आईला ताईंचं बोलणं समजत नसे, पण ताई बोलत असल्या की तिला झोप लागे. ती म्हणायची, या बाईच्या आवाजात पाणी वाहतं.

यंदा दवाखान्यात नवीन कॉम्प्युटर आले आणि जुनी फाइल त्यांच्यावर चालेना. नव्या यंत्राला ती वेगळ्या तऱ्हेने बांधलेली हवी होती. मी ताईंकडे गेले. त्यांच्या डोळ्यांचं ऑपरेशन नुकतंच झालं होतं. त्या म्हणाल्या, "मी नाही. तू लिही." मी घाबरले, पण लिहिली. दोन महिने लागले. लिहून झाल्यावर लॅपटॉप घेऊन नरपडला गेले आणि अक्षरं मोठी करून त्यांच्यापुढे ठेवली. दुपार कलत होती. त्या एकेक ओळ वाचत होत्या, मी त्यांच्या चेहऱ्याकडे बघत होते. कुठे थांबल्या नाहीत. शेवटच्या ओळीपर्यंत गेल्या आणि त्यांनी चष्मा काढला.

"कमल, आता याला माझी गरज नाही ना?"

खोटं बोलणं त्यांच्यापुढे जमत नाही. "नाही ताई," मी म्हणाले.

त्यांच्या चेहऱ्यावर जे उमटलं ते मी याआधी कोणाच्याच चेहऱ्यावर पाहिलेलं नाही. लांबच्या प्रवासावरून आलेल्या माणसाने डोक्यावरचा भारा उतरवून ओट्यावर ठेवावा, तशा त्या मागे टेकल्या. वाडीत पाखरं बोलत होती. त्या म्हणाल्या, "छान झालं," आणि डोळे मिटले. थोड्या वेळाने माझ्या लक्षात आलं, की या वेळी त्या खरोखरच झोपल्या आहेत.

ताईंच्या पंच्याहत्तराव्या वर्षी त्यांना काय चिंतावं, याचा मी पुष्कळ विचार केला. अशा प्रसंगी, त्यांच्या हातून यापुढेही मोठी कामं घडोत असं म्हणायची रीत आहे. मी ते म्हणणार नाही. आमची कामं आता आम्ही करू. अडलो तर एकमेकींना विचारू. ताईंना निरोगी, भरपूर आयुष्य लाभो, ते आम्हाला त्यांच्याकडून काही हवं आहे म्हणून नव्हे. त्यांच्या दुपारी मोकळ्या असोत, डोळे स्वच्छ असोत, गुडघे न दुखोत. त्यांना कशासाठीही उठावं न लागो. आणि आम्ही काहीही काम नसताना नरपडला जावं, तर त्यांनी "ये गं, बस" म्हणावं, एवढं आमच्या सगळ्यांच्या वाट्याला पुष्कळ वर्षं येत राहो.